रणगाडा एकटा पडतो तेव्हा

साताऱ्यात पदवीच्या दुसऱ्या वर्षाला शिकणाऱ्या आणि सैन्यभरतीची तयारी करणाऱ्या एका विद्यार्थ्याने मला दोन प्रश्न विचारले आहेत. युक्रेनमधील युद्धाच्या चित्रफितींत स्वस्तातले ड्रोन कोट्यवधींचे रणगाडे जाळताना दिसतात, तेव्हा रणगाड्याचा काळ संपला असे समजावे का, हा पहिला प्रश्न. दुसरा प्रश्न असा की, 1965 साली पाकिस्तानकडे अमेरिकी पॅटन रणगाडे असताना आपल्या जुन्या रणगाड्यांनी त्यांना कसे हरवले. मी आर्मर्ड कोअरमध्ये, म्हणजे लष्कराच्या रणगाडा दलात, 26 वर्षे होतो. सवार म्हणून भरती झालो, रिसालदार म्हणून निवृत्त झालो आणि मधली बहुतेक वर्षे टी-72 रणगाड्यावर काढली, आधी ड्रायव्हर, मग गनर आणि शेवटी कमांडर म्हणून. आपल्या जिल्ह्यात फौजेतून परत आलेल्या प्रत्येकाला गावकरी ‘मेजर’ म्हणतात आणि पारावर बसला की त्याला युद्धाबद्दल काहीही विचारतात. परंतु हे दोन्ही प्रश्न नेमके आहेत आणि त्यांचे उत्तर मुळात एकच आहे, म्हणून ते एकत्रच आणि जरा विस्ताराने देतो.

रणगाडा नष्ट होतो त्याचे पहिले कारण बहुतेक वेळा पोलादाची जाडी कमी पडणे हे नसते. त्याच्याबरोबर चालायला हवे असलेले पायदळ, सुरुंग काढणारे सॅपर, वर आकाशावर नजर ठेवणारे आणि मागून येणारे दुरुस्तीवाले यांच्यापासून तो तुटलेला असतो. रणगाडा संपला, असे आजवर अनेकदा जाहीर झाले आहे, आणि त्या प्रत्येक वेळी रणांगणात नेमके काय घडले होते ते पाहिले, तर एकट्या पडलेल्या रणगाड्याचीच गोष्ट पुन्हा पुन्हा समोर येते.

सुरुवात पहिल्या महायुद्धापासून करावी लागेल. 1914 च्या अखेरीस फ्रान्समध्ये दोन्ही बाजूंचे सैन्य खंदकांत अडकले होते. मशीनगन आणि काटेरी तार यांच्यापुढे माणूस पायी जाऊ शकत नव्हता आणि घोडाही जाऊ शकत नव्हता. 14 जुलै 1916 रोजी सोमच्या लढाईत हाय वुड या जंगलाजवळ डेक्कन हॉर्स या हिंदी घोडदळाच्या पलटणीने भाले रोखून हल्ला चढवला होता. हे नाव लक्षात ठेवा, कारण पुढे ते पुन्हा येणार आहे. त्याच सोमच्या रणांगणात दोन महिन्यांनी, 15 सप्टेंबर 1916 रोजी, फ्लेर्स-कूर्सलेत येथे ब्रिटिशांनी मार्क-1 हे रणगाडे प्रथमच लढाईत उतरवले. या मोहिमेसाठी 49 रणगाडे नेमलेले होते आणि त्यांतील अनेक शत्रूपर्यंत पोहोचण्याआधीच बंद पडले किंवा खड्ड्यांत रुतले. सुमारे 28 टनांचे ते यंत्र माणसाच्या चालीने चालत असे. आत आठ माणसे आणि त्यांच्या मधोमध उघडे इंजिन. धूर, उष्णता आणि कार्बन मोनॉक्साइड यांमुळे लढाई संपेपर्यंत आतील माणसे अर्धमेली होत. त्या काळात अपशिंग्यासारख्या आपल्या जिल्ह्यातील गावांतून घरोघरची मुले फौजेत होती, त्यामुळे हा इतिहास आपल्याला वाटतो तितका परका नाही.

‘टँक’ हे नाव गुप्ततेसाठी दिलेले होते. कारखान्यात कोणी विचारले, तर पाण्याच्या टाक्या बनवत आहोत, असे सांगायचे ठरले होते. या इंग्रजी शब्दाच्या व्युत्पत्तीत कोशकार मराठी-गुजरातीतील ‘टाके’ या शब्दाकडेही बोट दाखवतात. गडावरच्या कातळात खोदलेल्या पाण्याच्या टाक्याचे नाव असे फिरत फिरत युद्धयंत्राला जाऊन चिकटले असेल, ही गोष्ट मला नोकरीत असतानाही फार आवडत असे.

रणगाड्याची खरी कल्पना तोफेत किंवा पोलादात नाही, ती त्याच्या पट्ट्यात म्हणजे ट्रॅकमध्ये आहे. अमेरिकेतील होल्ट कंपनीच्या पट्ट्यावर चालणाऱ्या शेती-ट्रॅक्टरवरून ती आली. कृष्णाकाठच्या काळ्या रानात पावसानंतर उसाने भरलेली ट्रॉली आसापर्यंत रुतलेली तुम्ही पाहिली असेल. टी-72 चे वजन 41 टनांहून थोडे अधिक, म्हणजे अशा ट्रॉलीपेक्षा कितीतरी जास्त असते. तरीही हे सगळे वजन दोन लांब पट्ट्यांवर पसरत असल्यामुळे जमिनीवर पडणारा दाब दर चौरस सेंटीमीटरला एक किलोपेक्षाही कमी राहतो, आणि ट्रॉलीच्या टायरखाली तो त्याच्या कित्येक पट असतो. रणगाडा मऊ जमिनीतून जाऊ शकतो तो या हिशेबामुळे. पण या हिशेबालाही मर्यादा आहे, आणि ती मर्यादा 1965 साली पाकिस्तानी पॅटन चालवणाऱ्यांना समजली. ते पुढे सांगतो.

20 नोव्हेंबर 1917 रोजी कांब्रे येथे ब्रिटिशांनी सुमारे 476 रणगाडे एकदम उतरवले. खंदक ओलांडता यावेत म्हणून रणगाड्यांच्या डोक्यावर फांद्यांच्या प्रचंड मोळ्या बांधल्या होत्या, त्या खंदकात टाकायच्या आणि त्यांवरून पुढे जायचे. पहिल्या दिवशी आघाडी कित्येक किलोमीटर पुढे सरकली. मात्र फ्लेस्किएर या गावाजवळ रणगाडे पायदळाच्या बरेच पुढे निघून गेले आणि जर्मन तोफखान्याने ते समोरासमोर टिपले. रणगाडा आणि पायदळ यांच्यात अंतर पडले की काय होते, याचा धडा तेथे मिळाला. 1918 साली जर्मनांनी खास रणगाड्यासाठी 13.2 मिलिमीटरची भलीमोठी बंदूक काढली. त्याच काळात फ्रेंचांच्या छोट्या रेनो एफटी रणगाड्याने गोल फिरणारा टरेट म्हणजे तोफेचा घुमट, पुढे ड्रायव्हर आणि मागे इंजिन ही मांडणी आणली. आजही जगातील बहुतेक रणगाडे त्याच मांडणीचे आहेत.

पुढचा मोठा टप्पा 1940 चा आहे. त्या वर्षी फ्रान्सकडे जर्मनीपेक्षा रणगाडे कमी नव्हते, आणि शार बी-1 सारख्या त्यांच्या रणगाड्यांचे चिलखत बहुतेक जर्मन रणगाड्यांपेक्षा जाड होते. तरीही फ्रान्स सहा आठवड्यांत पडला. जर्मन रणगाड्यांत रेडिओ होते, आणि त्यांच्या पॅन्झर-3 व पॅन्झर-4 या रणगाड्यांच्या टरेटमध्ये कमांडर, गनर आणि लोडर अशी तीन माणसे असल्यामुळे कमांडरला फक्त पाहण्याचे आणि बोलण्याचे काम उरत असे. फ्रेंच कमांडर मात्र एकटाच पाहत असे, तोफ भरत असे, नेम धरत असे आणि हुकूमही देत असे. शिवाय जर्मनांनी रणगाडे पायदळाच्या मागे तुकड्या-तुकड्यांनी वाटून टाकले नव्हते. मोटारीतील पायदळ, सॅपर, तोफखाना आणि विमाने यांच्यासह त्यांची स्वतंत्र डिव्हिजनच बांधली होती. हाइन्झ गुडेरियन या सेनानीने सर्वांत जास्त आग्रह धरला होता तो याच जुळणीचा.

सोव्हिएत टी-34 बद्दल मला विशेष जिव्हाळा आहे, कारण ज्या इंजिनाची मी इतकी वर्षे सेवा केली त्याचा पूर्वज याच रणगाड्यात होता. टी-34 चे पुढचे पोलाद फक्त 45 मिलिमीटर जाड होते, परंतु ते तिरके बसवलेले असल्यामुळे गोळ्याला कापावे लागणारे अंतर वाढत असे आणि पुष्कळ गोळे घसरून जात. रुंद पट्ट्यांमुळे तो चिखल आणि बर्फ यांतून सुटत असे. त्याचे 12 सिलिंडरचे, सुमारे 38.8 लिटरचे व्ही-2 डिझेल इंजिन 500 अश्वशक्तीचे होते. त्याच घराण्यातील इंजिन टी-72 मध्ये 780 आणि टी-90 मध्ये 1000 अश्वशक्ती देते. राजस्थानातील बारीक वाळूत त्याचा एअर फिल्टर वेळच्या वेळी धुतला नाही, तर तेच इंजिन काही दिवसांत धूर ओकू लागते. याउलट जर्मनांचा सुमारे 57 टनांचा टायगर एकास एक लढतीत भयंकर होता, पण तो पुलांना जड जाई, बंद पडला की ओढून आणायला दोन-तीन वाहने लागत, आणि ती नसली तर त्याच्याच माणसांना तो उडवून द्यावा लागे.

आता शस्त्रांकडे वळतो, कारण येथे फार गैरसमज आहेत. चिलखत भेदण्याचे मुख्य मार्ग दोन आहेत. पहिला मार्ग निव्वळ वेगाचा. आजच्या रणगाड्याच्या तोफेतून सुटणाऱ्या चिलखतभेदी गोळ्यात स्फोटक अजिबात नसते. टंगस्टनसारख्या जड धातूची, मागे बाणासारखी पिसे असलेली एक लांब सळई असते. तोफेच्या नळीत ती नीट बसावी म्हणून तिच्याभोवती खोगिरासारखे तुकडे असतात. नळीबाहेर पडताच ते गळून पडतात आणि सळई सेकंदाला दीड किलोमीटरहून अधिक वेगाने पुढे जाते. पोलादात घुसताना ती स्वतः झिजत जाते, आणि आत उरतात ते तापलेले तुकडे. अशा गोळ्यासाठी गुळगुळीत नळीची तोफ घेऊन आलेला पहिला रणगाडा सोव्हिएत टी-62 होता.

दुसरा मार्ग स्फोटाचा आहे. गोळ्याच्या तोंडाशी तांब्याचा शंकू असतो आणि त्याच्या मागे स्फोटक असते. स्फोट झाला की तो शंकू आतल्या आत दाबला जाऊन धातूची बारीक धार तयार होते आणि तिच्या टोकाचा वेग सेकंदाला आठ-नऊ किलोमीटरपर्यंत जातो. वितळलेले तांबे पोलाद जाळत जाते, असे लोक समजतात. ते बरोबर नाही. त्या धारेचा दाब इतका प्रचंड असतो की पोलाद पातळ पदार्थासारखे बाजूला सरकते. या मार्गाचे वैशिष्ट्य असे की त्याला तोफेच्या वेगाची गरज लागत नाही. त्यामुळे दुसऱ्या महायुद्धातील बझूका आणि पॅन्झरफाउस्ट, नंतरचे आरपीजी-7 ही एका माणसाने डागायची शस्त्रे, रणगाडाविरोधी क्षेपणास्त्रे आणि आजचे ड्रोन हे सगळे याच तत्त्वावर चालतात. ड्रोन नवा आहे, परंतु त्याच्या पोटाखाली बांधलेला गोळा पुष्कळदा आरपीजीचाच असतो. या धारेला उत्तर म्हणून पोलादाच्या थरांत सिरॅमिक घातलेले मिश्र चिलखत आले, आणि टी-72 च्या अंगावर विटांसारखे दिसणारे स्फोटक चिलखतही आले. त्या विटेवर धार आदळली की वीट बाहेरच्या बाजूला फुटते आणि धार विस्कटते. रणगाड्याच्या अगदी जवळ चालणाऱ्या आपल्याच पायदळाला मात्र ती वीट धोकादायक असते. एका उपायाने दुसरी अडचण निर्माण होते, असे या क्षेत्रात सतत घडते.

इतिहासाच्या पुस्तकांत क्वचितच येणारी एक गोष्ट येथे स्वतःच्या अनुभवातून सांगतो. मी ड्रायव्हर असताना वाळवंटातील एका रात्रीच्या सरावात आमच्या रणगाड्याचा डावा ट्रॅक एका कोरड्या ओढ्याच्या काठावर वळताना उतरला. संध्याकाळच्या तपासणीत ट्रॅकचा ताण पाहणे माझे काम होते. मी एका बाजूचा पाहिला आणि अंधार पडू लागला म्हणून दुसऱ्या बाजूचा तसाच सोडला. ट्रॅक उतरलेला रणगाडा म्हणजे 41 टनांची पेटी. घण आणि पहार घेऊन आम्ही तिघे भिडलो, एक पिन काढायला अर्धा तास लागला, आणि पहाटे रिकव्हरी व्हेइकल घेऊन इएमईचे, म्हणजे लष्कराच्या यंत्रदुरुस्ती शाखेचे, जवान आले तेव्हा कुठे काम पुरे झाले. तोपर्यंत ट्रूपचे बाकीचे दोन रणगाडे पुढे गेले होते आणि आमची बाजू उघडी राहिल्यामुळे सरावाच्या पंचांनी त्यांनाही बाद ठरवले होते. शत्रूचा एकही गोळा न लागता तीन रणगाडे गेले. पुढे मी कमांडर झाल्यावर कधीही दोन्ही ट्रॅकना स्वतः हात लावून पाहिल्याशिवाय जेवलो नाही, आणि नव्या मुलांना प्रत्येक वेळी हीच रात्र सांगितली.

आता 1965. त्याआधी 1948 मधील काश्मीरच्या झोजीला खिंडीचा एका वाक्यात तरी उल्लेख करायला हवा: सुमारे 11,500 फूट उंचीवरच्या त्या खिंडीत 1 नोव्हेंबर 1948 रोजी 7 लाइट कॅव्हलरीचे स्टुअर्ट रणगाडे पोहोचले, ते मद्रास सॅपर्सनी बर्फात वाट काढून दिली म्हणून, आणि खिंड मोकळी झाली ती रणगाड्यांमागून पायदळ चढले म्हणून.

सप्टेंबर 1965 मध्ये पाकिस्तानची 1 आर्मर्ड डिव्हिजन पंजाबातील खेमकरण भागातून घुसली. तिच्याकडे एम-47 आणि एम-48 पॅटन होते. कागदावर पॅटन वेगवान होता, त्याची 90 मिलिमीटरची तोफ चांगली होती आणि अंतर मोजण्याचे यंत्रही त्या काळाच्या मानाने प्रगत होते. आपल्या बाजूला 3 कॅव्हलरीचे सेंच्युरियन होते, 8 लाइट कॅव्हलरीचे हलके एएमएक्स-13 होते आणि डेक्कन हॉर्सचे दुसऱ्या महायुद्धातले शर्मन होते. हीच ती हाय वुडची पलटण. घोडे आणि भाले जाऊन आता तिच्या हाती रणगाडे होते. मागे रेटली गेलेली 4 माउंटन डिव्हिजन असल उत्तर या गावाभोवती घोड्याच्या नालेच्या आकारात बसली. कालवे फोडून शेतांत पाणी सोडण्यात आले आणि रणगाडे उसाच्या उभ्या पिकात लपवण्यात आले.

सप्टेंबरातला ऊस कसा असतो, हे सातारा-सांगलीच्या माणसाला समजावून सांगावे लागत नाही. डोक्याच्या वर गेलेला, पाने एकमेकांत गुंतलेली, आत शिरलेला माणूस पाच पावलांवर दिसत नाही. त्यात पाणी सोडलेले असेल तर वरून रान हिरवे आणि सपाट दिसते, पण पाय टाकला की गुडघ्यापर्यंत जातो. अशा रानात वेगवान पॅटन आला आणि त्याचा वेग संपला. मघाशी सांगितलेला दाबाचा हिशेब तेथे उपयोगी पडला नाही, कारण भिजून चिखल झालेल्या रानाने पट्ट्यांनाही धरून ठेवले. पॅटनचे अंतरमापक यंत्र दूरच्या लक्ष्यासाठी उत्तम होते, पण ते चालवायला बराच सराव लागे, आणि येथे लढाई काही शे मीटरवरची होती. आमचे गनर स्थिर उभे होते, त्यांनी आपापल्या माऱ्याची अंतरे आधी नजरेने मोजून ठेवली होती आणि पॅटन वळला की त्याची बाजू दिसण्याची ते वाट पाहत होते. रणगाड्याचे बाजूचे चिलखत समोरच्यापेक्षा नेहमीच पातळ असते. 4 ग्रेनेडियर्सचे कंपनी क्वार्टरमास्टर हवालदार अब्दुल हमीद यांनी जीपवर बसवलेल्या 106 मिलिमीटरच्या रिकॉइललेस तोफेने, उसाच्या आडून जागा बदलत, एकामागून एक पॅटन टिपले आणि 10 सप्टेंबरला ते धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले. या लढाईत पाकिस्तानने 90 हून अधिक रणगाडे गमावले, आणि त्यांतील कित्येक तर चालू स्थितीत, चिखलात सोडून दिलेले सापडले. पुढे भिखीविंड येथे ते एकत्र उभे करून ठेवले तेव्हा त्या जागेचे नावच पॅटन नगर पडले.

पाकिस्तानी रणगाडे आले तेव्हा त्यांच्याबरोबर पुरेसे पायदळ नव्हते. पायदळ असते तर उसात शिरून त्याने जीप शोधली असती, आणि पुढे गेलेल्या सॅपरनी पाणी सोडलेल्या शेतांची खबर वेळेत मागे दिली असती. पॅटन वाईट रणगाडा होता असे मी म्हणणार नाही. त्याच युद्धात सियालकोट आघाडीवर फिल्लोरा येथे उघड्या मैदानात रणगाड्यांची मोठी लढाई झाली आणि तेथे पुना हॉर्सचे लेफ्टनंट कर्नल आर्देशिर तारापोर यांना अशाच पॅटनशी झुंजावे लागले. जखमी होऊनही ते मागे गेले नाहीत आणि 16 सप्टेंबरला त्यांना वीरमरण आले. तेथे विजय मिळाला तो गनरच्या सरावावर आणि पुढे राहणाऱ्या कमांडरवर.

त्याच पुना हॉर्सने 16 डिसेंबर 1971 रोजी बसंतरच्या लढाईत भाग घेतला. सॅपर रात्रभर सुरुंगक्षेत्रात वाट काढत होते. पलीकडे गेलेल्या पायदळावर शत्रूचे रणगाडे चालून येत आहेत असे कळताच, वाट पुरती मोकळी होण्यापूर्वीच आमचे सेंच्युरियन त्यातून पुढे गेले. सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल यांचे वय तेव्हा 21 होते. त्यांच्या रणगाड्याला आग लागली, रणगाडा सोडण्याचा हुकूम मिळाला, परंतु तोफ अजून चालते आहे असे कळवून ते तेथेच लढत राहिले. येथे एकट्या रणगाड्याच्या शौर्याची आठवण लोक ठेवतात आणि ती ठेवायलाच हवी. पण त्या रणगाड्याला तेथवर नेणाऱ्या, हातांनी जमीन चाचपत सुरुंग काढणाऱ्या सॅपरांचीही आठवण ठेवायला हवी, असे मला नेहमी वाटते.

ऑक्टोबर 1973 मध्ये सिनाईत इस्रायली रणगाडे पायदळ आणि तोफखाना यांच्याशिवाय वेगाने पुढे गेले आणि इजिप्तच्या पायदळाने सॅगर क्षेपणास्त्रांनी त्यांचे मोठे नुकसान केले. त्यानंतर जगभर रणगाड्याचे मृत्युलेख लिहिले गेले. पण त्याच युद्धात काही दिवसांत इस्रायली सैन्याने पद्धत बदलली, क्षेपणास्त्र सोडणाऱ्या माणसावर तोफगोळ्यांचा मारा सुरू केला, पायदळ बरोबर घेतले, आणि शेवटी त्यांचे रणगाडे सुएझ कालव्याच्या पलीकडे गेले. 1991 च्या आखाती युद्धात थर्मल साइटमुळे, म्हणजे उष्णतेवरून लक्ष्य दाखवणाऱ्या दुर्बिणीमुळे, अमेरिकी रणगाड्यांनी धुळीच्या वादळात, दिसण्यापूर्वीच इराकी टी-72 टिपले. त्यावरून मी ज्यावर बसत होतो तो रणगाडा किती मागे पडला आहे हे आम्हाला स्पष्ट दिसले. 1994 च्या शेवटच्या दिवशी रशियन रणगाडे चेचन्यातील ग्रोझ्नी शहरात शिरले. उंच इमारतींच्या गच्चीवरून आणि तळघरांतून आरपीजी चालवले गेले, आणि रशियाच्या मायकोप ब्रिगेडचे बहुतेक रणगाडे नष्ट झाले. शहरात पायदळाशिवाय रणगाडा नेणे म्हणजे डोळे बांधून विहिरीवर चालणे आहे.

आता युक्रेन. 2022 च्या सुरुवातीला कीव्हकडे जाणारे रशियन रणगाडे रस्त्यावरून लांबच लांब रांगेत, पायदळाची नीट साथ नसताना आणि इंधन कमी असताना गेले. अंगाखांद्यावर वाहून नेता येणाऱ्या जॅव्हलिनसारख्या क्षेपणास्त्रांनी ते वरून टिपले, कारण रणगाड्याचे छत समोरच्या चिलखतापेक्षा फार पातळ असते. टरेट हवेत उडाल्याच्या ज्या चित्रफिती तुम्ही पाहिल्या, त्यांचे कारण मला फार जवळून माहीत आहे. टी-72 मध्ये गनर डावीकडे, कमांडर उजवीकडे आणि मध्ये तोफेचा मागचा भाग असतो. दोघांच्या पायांखाली लोखंडी तबकडीत 22 गोळे आणि त्यांचे दारूचे चार्ज वर्तुळात मांडलेले असतात. बटण दाबले की तबकडी गोल फिरते, खालून घरघर आवाज येतो, गोळा वर उचलला जातो आणि सात-आठ सेकंदांत तोफ भरलेली असते. यामुळे चौथा माणूस लागत नाही आणि रणगाडा ठेंगणा राहतो. पण धातूची धार त्या तबकडीपर्यंत पोहोचली, तर आतील कोणी वाचणे फार कठीण असते. अमेरिकी एब्रॅम्समध्ये बहुतेक गोळे टरेटच्या मागे, जाड दरवाजाआड ठेवतात आणि स्फोट झाला तर तो वर उडणाऱ्या झाकणांतून बाहेर जातो. आपल्या सैन्यात टी-72 आणि टी-90 मोठ्या संख्येने असल्यामुळे हा मुद्दा आपल्यालाही लागू आहे.

ड्रोनने खरोखर काय बदलले, याबाबत माझे मत स्पष्ट आहे. रणगाडा पूर्वी लपू शकत असे, आता लपणे फार कठीण झाले आहे. आघाडीच्या मागे कित्येक किलोमीटरपर्यंत सतत कोणीतरी वरून पाहत असते. त्यामुळे रणगाड्यांचा मोठा जथा एका ठिकाणी गोळा करून धडक मारण्याची जुनी पद्धत आज जवळजवळ अशक्य झाली आहे. दोन्ही बाजूंचे सैन्य आता रणगाडा एक-दोन करून वापरते, पुष्कळदा दूर राहून तोफेसारखा वापरते, त्याच्यावर जाळीचे पिंजरे बसवते आणि ड्रोनचा रेडिओ संदेश बिघडवणारी यंत्रे बरोबर ठेवते. हे सगळे करूनही दोन्ही बाजू रणगाडे मागत आहेत, दुरुस्त करत आहेत आणि नवे बनवत आहेत, कारण खंदकातल्या माणसांवर थेट मारा करत, गोळ्या झेलत पुढे जाणारे दुसरे वाहन अजून कोणाकडे नाही. यापुढे पायदळ आणि सॅपर यांच्याबरोबर प्रत्येक रणगाड्याच्या तुकडीत ड्रोनवाला आणि ड्रोन पाडणाराही कायमचा असेल. जे सैन्य ही साथ आधी उभी करील, त्याचे रणगाडे टिकतील.

आपल्याकडे याचा दुसरा पैलू लडाखमध्ये दिसला. 2020 साली टी-72 आणि टी-90 14,000 फुटांहून अधिक उंचीवर नेले गेले. तेथे हवा विरळ असल्यामुळे इंजिनाची ताकद घटते, आणि उणे 30 अंशांत ते सुरू ठेवणे हेच मोठे काम होते. म्हणूनच सुमारे 25 टनांचा, 105 मिलिमीटर तोफेचा झोरावर हा हलका रणगाडा डीआरडीओने एल अँड टी कंपनीबरोबर तयार केला आणि 2024 साली तो लोकांसमोर आला. याउलट अर्जुन मार्क-1ए 68 टनांचा आहे. त्याची तोफ आणि चिलखत उत्तम आहे, पण तो कोणत्या पुलावरून आणि कोणत्या कालव्यावरून जाऊ शकतो हे आधी पाहावे लागते. सगळीकडे चालणारा एकच रणगाडा कोणत्याही देशाकडे नाही.

तुम्ही भरतीची तयारी करत आहात, म्हणून एक प्रत्यक्ष काम सुचवतो. साताऱ्याहून एका दिवसात जाऊन येता येईल अशा अंतरावर अहिल्यानगरला, म्हणजे आपल्या जुन्या अहमदनगरला, आर्मर्ड कोअर सेंटर आहे आणि तेथे रणगाड्यांचे संग्रहालय आहे. तेथे विजयंता आणि सेंच्युरियन आहेत, आणि युद्धात हाती लागलेले पॅटनही आहेत. बहुतेक लोक रणगाड्यासमोर उभे राहून तोफेबरोबर छायाचित्र काढतात. तुम्ही सेंच्युरियनच्या मागच्या बाजूला जा आणि तेथली छोटी लोखंडी पेटी शोधा. त्या पेटीत टेलिफोन असे. रणगाड्यामागून पायी चालणारा जवान तो उचलून, आत पेरिस्कोपला डोळा लावून बसलेल्या कमांडरला, डावीकडच्या बांधामागे काय हलते आहे ते सांगत असे.